वाघाच्या वर्षी जन्मलेली: एका तिबेटी जोडप्याच्या कागदांचं प्रकरण

डिसेंबर 2017 मधली गोष्ट. संध्याकाळी साडेसातच्या सुमाराला मंगळवार पेठेतल्या एक आजी माझ्या ऑफिसात आल्या. मागे त्यांचे भाडेकरू, नवरा-बायको. त्यानं दाराबाहेर बूट काढले आणि मोजे ओले होते म्हणून तेही काढले. डाव्या पायाला तीनच बोटं होती. मी बघतोय हे त्याच्या लक्षात आलं, पण पाय काही त्यानं मागे घेतला नाही.

आजींनी खुर्चीवर टेकायच्या आधीच विषय काढला. "वकीलसाहेब, ह्या पोरीला पासपोर्ट पायजे. पत्ता माझ्या घराचा घाला. पंधरा वर्सं माझ्याच माडीवर ऱ्हात्यात ही."

पंधरा वर्षं म्हणजे पंधरा हिवाळे. दिवाळीच्या तोंडावर ही मंडळी कोल्हापुरात उतरतात, मैदानाच्या कडेला पत्र्याचे गाळे उभे करतात, जानेवारीअखेर गाळे उतरवतात आणि जातात. माल लुधियानाचा. तिथले लाला तो उधारीवर देतात, हिशेब हंगाम संपल्यावर, आणि या व्यवहाराला कागद जवळजवळ नसतोच. कोल्हापूर त्यांना 'स्वेटरवाले नेपाळी' म्हणतं. आम्ही नेपाळी नाही, हे सांगायचं या दोघांनी केव्हाच सोडून दिलं होतं. त्याऐवजी ते स्वेटरच्या पिशवीत एक पानी मराठी पत्रक सरकवायचे. वर मथळा, 'तिबेट कुठे आहे?' आजींच्या नातवानं ते टाइप करून दिलं होतं, शुद्धलेखनाच्या चुकांसकट.

नावं लिहीत नाही. बदलून लिहिण्यापेक्षा न लिहिलेली बरी.

ती जन्मली गोठणगावला. गोंदिया जिल्ह्यातल्या अर्जुनी-मोरगाव तालुक्यात, नवेगावबांधच्या जंगलाच्या बाजूला, नोर्ग्येलिंग नावाची तिबेटी वसाहत आहे. ही 1972 ची, महाराष्ट्रातली. आपल्याकडच्या बहुतेकांना ठाऊक असतं ते धरमशाला, फार तर कर्नाटकातलं मुंडगोड आणि बैलकुप्पे. वसाहतीत भातशेती आहे, पण तेवढ्यावर भागत नाही, म्हणून हिवाळ्यात स्वेटर. त्यामुळे हिचं मराठी झाडीपट्टीचं. गाळ्यावर एखाद्या पैलवान गड्याला ती सहज म्हणायची, "काहून जी, डबल एक्सेल नाही होत का तुमाले?" आणि तो गडी स्वेटर सोडून तिच्याकडेच बघत राहायचा.

तो तिबेटातून आलेला. 1993 साली, अकराव्या वर्षी, आईवडिलांनी एका वाटाड्याच्या हवाली केला. साडेपाच हजार मीटरहून उंच असलेल्या नांगपा ला खिंडीतून पायी नेपाळ, काठमांडूच्या स्वागत केंद्रात बर्फानं गेलेली पायाची दोन बोटं कापली, मग दिल्लीमार्गे हिमाचलात बीरजवळची सूजाची शाळा. ही शाळा अशा एकट्या आलेल्या पोरांसाठीच निघाली. आईवडिलांना तो परत कधी भेटला नाही. शाळा सुटल्यावर तिबेटच्या स्वातंत्र्यासाठी झगडणाऱ्या तिबेटी यूथ काँग्रेसच्या कामात पडला, त्या कामासाठी गोठणगावला आला आणि लग्न करून तिथलाच झाला.

चळवळ हा त्यांच्या संसाराचा भाग होता, सणवारासारखा. 2008 च्या मार्चमध्ये ल्हासात उठाव झाला आणि एप्रिलच्या 17 तारखेला बीजिंग ऑलिंपिकची मशाल दिल्लीत आली, तेव्हा पावणेदोन वर्षांची मुलगी आजोबांकडे ठेवून दोघं दिल्लीला गेले. 2012 च्या मार्चअखेर ब्रिक्स परिषदेसाठी चीनचे तेव्हाचे अध्यक्ष हू जिंताओ येणार होते. दोनच दिवस आधी एका तिबेटी तरुणानं दिल्लीत स्वतःला पेटवून घेतलं होतं, वातावरण तापलं होतं, आणि प्रतिबंधक कारवाईत जे उचलले गेले त्यांत हे दोघंही होते. तिला दुसऱ्या दिवशी सोडलं, त्याला पाहुणे परत गेल्यावर. कोल्हापुरात मात्र त्यांचा कार्यक्रम एवढाच, की 10 डिसेंबरला, दलाई लामांना 1989 साली नोबेल मिळालं त्या तारखेला, अख्खी रांग गाळे बंद ठेवायची. फोटोला पांढरं खाता उपरणं घालायचं आणि मनुका घातलेला गोड भात शेजारच्या चहावाल्यापासून पार्किंगवाल्या पोरापर्यंत सगळ्यांना द्यायचा. ऐन धंद्यातला दिवस. आजूबाजूचे गाळेवाले त्यांना वेडे म्हणायचे.

काम काय होतं

तिची थोरली बहीण टोरांटोला. दोन्ही मूत्रपिंडं निकामी, डायलिसिसवर. तिला भेटायला जायचं. तिबेटी निर्वासितांना भारत सरकार ओळख प्रमाणपत्र देतं, त्याला ते 'पिवळं पुस्तक' म्हणतात. त्यावर परदेशी जाता येतं, पण वेळ फार जातो आणि जाण्याइतकाच परत येण्याच्या परवानगीचा प्रश्न असतो. तिनं कुठूनतरी ऐकलं होतं की आता भारतात जन्मलेल्यांना पासपोर्ट मिळतो.

ऐकलेलं खरं होतं. नागरिकत्व कायदा, 1955 च्या कलम 3 प्रमाणे 26 जानेवारी 1950 ला किंवा त्यानंतर आणि 1 जुलै 1987 च्या आधी भारताच्या भूमीवर जन्मलेला माणूस जन्मानं भारतीय. आईबाप कोण हे कायदा विचारतच नाही. तरी वर्षानुवर्षं तिबेट्यांना पासपोर्ट नाकारले जात. 22 डिसेंबर 2010 ला दिल्ली उच्च न्यायालयानं नामग्याल डोलकर यांच्या प्रकरणात सांगितलं की अर्जदार स्वतःला तिबेटी म्हणवते म्हणून जन्मानं मिळालेलं नागरिकत्व जात नाही. सप्टेंबर 2016 मध्ये त्याच न्यायालयानं ते पुन्हा, अधिक ठामपणे सांगितलं, आणि मार्च 2017 मध्ये पासपोर्ट कार्यालयांना तशा सूचना गेल्या.

मी खूश झालो. सोपं काम. शाळेचा दाखला काढा, अर्ज भरा, संपलं. हे मी मोठ्यानं बोललो, आणि ते बोलायला नको होतं हे त्याच्या तोंडाकडं बघून कळलं.

तो हिंदीत बोलायचा. शांतपणे म्हणाला, "आप कह रहे हैं ये पहले से इंडियन है. तो फिर कागज क्यों?" आणि थोडं थांबून, "हम गिनती में रहना चाहते हैं."

त्याचा मुद्दा मला त्या दिवशी नीट कळला नाही. निर्वासितांचं नोंदणी प्रमाणपत्र, ज्याला ते नुसतं 'आरसी' म्हणतात, मला वाटायचं ही त्यांच्यावरची एक कटकट: ठरावीक मुदतीनं पोलिसांकडे जायचं, शिक्के मारून घ्यायचे. त्याच्या लेखी आरसी हे त्याचं मत होतं. मी परका आहे, कारण माझा देश आहे. तो वहीवर दरवेळी शिक्का मारून घेतो तेव्हा दरवेळी हेच सांगत असतो. नवराबायकोतली एक जण भारतीय झाली की निर्वासितांच्या यादीतून एक नाव कमी. चीनला दुसरं काय हवंय?

मी डोलकर यांचंच उदाहरण दिलं. खटला जिंकल्यावरही त्यांनी चळवळ सोडली नाही, पुढे त्या निर्वासित संसदेत निवडून गेल्या. त्यानं मान हलवली. त्या राजकीय कैद्याच्या घरातल्या, त्यांना कुणी विचारणार नाही, आम्हाला वसाहतीत विचारतील.

ती सगळा वेळ गप्प होती. उठताना म्हणाली, "मले पासपोर्ट बहिणीसाठी पाह्यजे जी. तिबेट काही पासपोर्टात नाही."

एक वर्ष इकडचं, एक वर्ष तिकडचं

सोपं काम दोन ठिकाणी अडलं.

पहिलं म्हणजे जन्मतारीख. शाळेच्या दाखल्यावर 1986. आरसीवर 1 जानेवारी 1988. जुन्या निर्वासित कागदांवर 1 जानेवारी ही तारीख सर्रास दिसते. तारीख सांगता आली नाही की कारकून वर्ष अंदाजानं आणि दिवस सोयीनं टाकतो. इतर कुणाच्या आयुष्यात या दीड-दोन वर्षांनी काही बिघडलं नसतं. इथं मध्ये 1 जुलै 1987 उभी होती. त्या तारखेच्या अलीकडचा जन्म असेल तर आई किंवा बाप भारतीय पाहिजे, आणि तिचे दोघंही 1959 नंतर डोंगर उतरून आलेले.

ग्रामपंचायतीत नोंद नव्हती. जन्म झोपडीत, सुईणीच्या हातून. मी तिच्या वडिलांना फोन लावायला सांगितला. म्हातारबुवा ऐंशीच्या घरातले. इंग्रजी साल त्यांना येत नव्हतं. जावयानं विचारलं, त्यांनी एका शब्दात उत्तर दिलं, आणि खोलीतले ते दोघं हसायला लागले. मला काही कळेना. "ताग," ती म्हणाली. "वाघ. मी वाघाच्या सालातली आहो जी. बाबा म्हन्ते, म्हणूनच ऐकत नाही कोणाचं."

तिबेटी पंचांगात बारा प्राण्यांचं चक्र आणि पाच तत्त्वं, मिळून साठ वर्षांचं आवर्तन. अग्नि-वाघाचं वर्ष फेब्रुवारी 1986 ला सुरू होऊन फेब्रुवारी 1987 ला संपलं. त्यानंतर ससा, मग ड्रॅगन. 1 जानेवारी 1988 म्हणजे सशाचं वर्ष. सन विसरला तरी आपलं लेकरू वाघ की ससा हे कुठला बाप विसरेल? आपल्याकडे जुनी माणसं 'पानशेत फुटलं त्या साली' म्हणतात, त्यापेक्षा हे कितीतरी पक्कं.

अर्थात न्यायालयात नुसता वाघ चालत नाही. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या कलम 13(3) खाली उशिराच्या नोंदणीसाठी तिकडच्या तालुक्यातल्या न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे अर्ज केला. सोबत शाळेचं प्रवेश-रजिस्टर, नोंद नसल्याचा ग्रामपंचायतीचा दाखला, वडिलांचं आणि वसाहतीतल्या एका म्हातारीचं प्रतिज्ञापत्र. पंचांगाचा तक्ता मी परिशिष्ट म्हणून जोडला. तिकडचे स्थानिक वकील म्हणाले, कशाला हसं करून घेता. पण साहेबांनी नेमका तोच उलटून पाहिला, असं त्यांनीच नंतर सांगितलं. ऑक्टोबर 2018 मध्ये आदेश झाला.

दुसरी अडचण जास्त खोल होती. जून 2017 मध्ये सरकारनं पासपोर्ट मागणाऱ्या तिबेट्यांसाठी चार अटी पुढे ठेवल्या होत्या: आरसी आणि पिवळं पुस्तक जमा करा, नेमून दिलेल्या वसाहतीत राहू नका, तिबेटी निर्वासित प्रशासनाचे फायदे घेणार नाही असं लिहून द्या, आणि आरसीमुळे मिळणाऱ्या सवलती सोडा. माझं मत विचाराल तर जन्मानं नागरिक असलेल्याला घर सोडायला लावणं कायद्यात कुठेच बसत नाही. आव्हान देता आलं असतं. तिला मी तसं सांगितलंही. ती म्हणाली, कोर्टात किती साल? मी म्हटलं, तीन-चार. बहिणीकडे तेवढे नव्हते.

म्हणजे आजी पहिल्याच दिवशी जे बोलून गेल्या होत्या, 'पत्ता माझ्या घराचा घाला', तीच प्रकरणाची किल्ली निघाली. फक्त पत्ता खरा पाहिजे.

इथं माझी चूक झाली. जानेवारी 2019 च्या शेवटी, गाळे उतरायला चार दिवस असताना, मी भाडेकरार नोंदवून तिचा अर्ज भरला. पोलीस पडताळणीला माणूस आला तो फेब्रुवारीअखेर. माडीला कुलूप. त्यानं शेजारी विचारलं, शेजाऱ्यानं खरं तेच सांगितलं: ते हिवाळ्यात असतात. 'अर्जदार दिलेल्या पत्त्यावर राहत नाही.' शेरा बरोबर होता. हंगामी माणसाचा अर्ज हंगामाच्या शेवटी भरू नये, हे समजायला वकिलीच्या सनदेची गरज नव्हती.

त्यानंतरचा निर्णय त्यांनी घेतला, मी नाही. जून 2019 मध्ये ती मुलीला घेऊन कायमची कोल्हापूरला आली. गोंदियाला जाऊन आरसी जमा केली, पावती घेतली. मुलगी इथल्या शाळेत आठवीला. तो मात्र वसाहतीतच राहिला, कारण सासऱ्यांचं बघायला कुणी नव्हतं आणि भाताची लावणी तोंडावर होती. अकराव्या वर्षी आईबाप सुटलेला माणूस सदतिसाव्या वर्षी आता बायको-मुलीपासून आठ महिने लांब राहणार होता. कारण एक भारतीय आणि एक नाही, आणि भारतीय असलेलीला वसाहतीत राहायची मुभा नाही. तिकीट काढताना त्यानं मला विचारलं, "इसको क्या बोलते हैं आपके कानून में?" मी काही बोललो नाही.

आजींचं मत

या प्रकरणात आजींनी एकदाही शंका काढली नाही, याचं मला नवल वाटे. एकदा विचारलं तेव्हा त्यांनी वळिवड्याचं काढलं. 1943 ते 48 या काळात कोल्हापूरजवळ वळिवड्याला पोलिश निर्वासितांची छावणी होती, पाच हजारांच्या आसपास माणसं, बहुतेक बायका आणि पोरं. सोव्हिएत रशियानं पूर्व पोलंडमधून सैबेरिया-कझाकस्तानात हाकललेली, इराणमार्गे इथं पोचलेली. त्यांची इथं शाळा होती, चर्च होतं, नाटकं व्हायची. आजींचे वडील टांगा हाकायचे, पोलंडच्या मडमा त्यात बसून गावात सिनेमाला यायच्या. आजी तेव्हा पाच-सहा वर्षांच्या. "एक मडम मला रिबीन द्यायची. लढाई संपली म्हणून आनंद झाला सगळ्यास्नी, आणि ती रडत बसलेली. मला काय कळंना. आता लढाई संपली, घरला जायाचं, तर रडती कशाला?"

ती का रडत होती ते आज सांगता येतं. लढाई संपली तेव्हा त्यांची गावं सोव्हिएत हद्दीत गेली होती आणि जुलै 1945 मध्ये ब्रिटन-अमेरिकेनं लंडनमधल्या पोलिश सरकारची मान्यता काढून घेतली. ज्या देशाचे ते निर्वासित होते तो देश नकाशावर होता, पण त्यांचा नव्हता. पुष्कळांनी नव्या राजवटीत परतायला नकार दिला आणि इंग्लंड, ऑस्ट्रेलिया, अमेरिका अशी पांगापांग झाली.

छावणी रिकामी झाली आणि तिथंच सिंधी निर्वासित आले. आज ते गांधीनगर, कापडाची मोठी बाजारपेठ. तिबेट्यांची मूळ स्पर्धा त्यांच्याशीच. वकील म्हणून मला यात एक गंमत दिसते. सिंध्यांसाठी राज्यघटनेत अनुच्छेद 6 होतं, ते नागरिक झाले. पोलिशांसाठी काहीच नव्हतं, ते पुढे गेले. तिबेट्यांसाठी आजही निर्वासितांचा असा कायदा नाही, 1951 च्या आंतरराष्ट्रीय करारावर भारताची सही नाही. त्यांच्यापैकी काहींना जे मिळालं ते एका कलमातल्या दोन तारखांच्या मधे जन्मल्यामुळे, म्हणजे वाघामुळे.

पुढे

दुसरा अर्ज जुलै 2019 मध्ये भरला. ऑगस्टात महापूर आला, हायवे शिरोलीजवळ पाण्याखाली गेला, सगळं पोलीस दल बंदोबस्तात. पडताळणी सप्टेंबरात झाली. अंमलदारानं विचारलं, कधी अटक झाली होती का? 2012 ची ती कारवाई प्रतिबंधक होती, गुन्हा दाखल नव्हता, फॉर्ममध्ये लिहायची गरज नव्हती. पण कुणी तोंडी विचारलं तर खरं सांगायचं, असं मी तिला बजावलं होतं. तिनं सांगितलं. कशासाठी, हेही सांगितलं, पत्रकसुद्धा दिलं. अंमलदारानं पत्रक वाचलं, 'शिष्टमंडळ' हा शब्द चुकलाय म्हणाला, आणि अहवाल चांगला पाठवला.

पासपोर्ट नोव्हेंबरात आला. गाळा लागलेला होता, तोही आला होता. त्यानं पासपोर्ट हातात घेऊन प्रत्येक पान उलटून पाहिलं, कोरी पानंसुद्धा, आणि मग नीट पुसून आजींच्या देव्हाऱ्याशेजारी ठेवला. त्या वर्षी 10 डिसेंबरला गाळा बंद होता, नेहमीसारखा.

फेब्रुवारी 2020 मध्ये ती टोरांटोला गेली. 10 मार्चला, 1959 च्या तिबेटी उठावाच्या दिवशी, तिथल्या चिनी वकिलातीसमोर तिबेट्यांबरोबर उभी राहिली, फोटो पाठवला. बारा दिवसांनी भारतानं आंतरराष्ट्रीय विमानं बंद केली. तिचं परतीचं तिकीट एप्रिलचं होतं. जूनमध्ये अडकलेल्यांना आणणाऱ्या 'वंदे भारत' मोहिमेच्या विमानात तिला जागा मिळाली. ती विमानं मुख्यतः भारतीय नागरिकांसाठी होती. पिवळ्या पुस्तकावर तिचं काय झालं असतं याचा हिशेब आम्ही कुणीच मोठ्यानं केला नाही. बहीण त्या ऑगस्टमध्ये वारली.

तिला दिल्लीहून आणायला तो येऊ शकला नाही, टाळेबंदीत वसाहत बंद होती. सासरे गेल्यावर, 2021 मध्ये, तो कोल्हापूरला आला. माडीवरच आहे. त्याची आरसी चालू आहे, दर वेळी वेळेवर शिक्का मारून आणतो.

मुलीची फाइल मी स्वतःहून उघडली होती. तिचा जन्म जुलै 2006 चा. 3 डिसेंबर 2004 पासून पुढे जन्मलेल्यांसाठी कलम आणखी कडक आहे: दोघं पालक भारतीय पाहिजेत, किंवा एक भारतीय आणि दुसरा 'अवैध स्थलांतरित' नसलेला. आई आता निःसंशय भारतीय. प्रश्न बापाचा. अकरा वर्षांचं पोर रात्रीच्या अंधारात खिंड ओलांडतं, त्याच्या हातात पासपोर्ट नसतो, पण नंतर भारत सरकारच त्याला आरसी देतं. तो अवैध की वैध? दोन्ही बाजूंनी बोलता येतं, आणि मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झाल्यापासून हे बोलायला आता मुंबईला जायची गरज नाही. मुद्दे लिहून तयार आहेत.

2024 मध्ये ती अठरा पूर्ण झाली. बापाबरोबर ऑफिसात आली. तिचं मराठी आईसारखं नाही, चक्क आमच्या पेठेतलं. मी फाइल पुढे केली, सही कुठं करायची ते दाखवलं. तिनं चाळून पाहिली आणि परत माझ्याकडं सरकवली.

"साहेब, हे नंतर बघूया की. आधी माझी आरसी काढायची हाय. कागदं काय काय लागत्यात?"

मी बापाकडं पाहिलं. तो खिडकीतून बाहेर बघत होता. मग मी कोरा कागद घेतला आणि कागदांची यादी लिहायला घेतली: जन्मदाखला, बापाची आरसी, फोटो.